दोन पावलं मागे

त्या वर्षी आमच्या डुलुथ शहरात हॅरोमिअर हा कॉम्प्युटरवरचा खेळ न खेळणारी माणसं दोनच उरली होती, एक मी आणि दुसरे आमचे पास्टर, आणि पास्टरांचाही मला फारसा भरवसा नव्हता. गुरुवारची बोलिंगची लीग माणसांअभावी बंद पडली. चर्चच्या जेवणात ओव्हनमधून आलेल्या हॉटडिशच्या भांड्यावरचं झाकण काढता काढता लोक कुणाच्या टोळीनं कुठला किल्ला घेतला ते बोलू लागले, आणि शाळेच्या स्वयंपाकघरात माझ्याबरोबर काम करणारी ट्वायला तर नवऱ्याशी झालेली भांडणं त्या खेळात जाऊन मिटवून यायची. "घरात तोंडावर बोलवत नाही गं आर्डिस, तिथे बोलवतं," ती म्हणे. माझा नवरा वेंडेल कागदाच्या गिरणीतून तीनला सुटायचा आणि सव्वातीनला मागच्या खोलीतल्या कॉम्प्युटरसमोर असायचा. तिथे तो दाढीवाला, खांद्यावर कुऱ्हाड घेतलेला गडी होता. मला त्याचं काही वाटत नव्हतं. पुरुषाला कसलं ना कसलं खूळ लागतंच, माझ्या वडिलांना गोठलेल्या तळ्याला भोक पाडून मासे धरायचं होतं.

मला खुपलं ते वेगळंच. त्या खेळात मध्येच उठायचं झालं तर एक कळ दाबून आपला गडी दुसऱ्या कुणाच्या तरी मागे लावून देतात. मग तुम्ही खुशाल जेवायला जा, तो गडी आपोआप त्या दुसऱ्याच्या दोन पावलं मागे चालत राहतो आणि पुढचा थांबला की थांबतो. मात्र असं कुणाच्याही मागे लावत नाहीत, कारण पुढच्यानं मनात आणलं तर तो तुम्हाला कड्यावरून खाली नेऊ शकतो. "मागे लावलेला म्हणजे जागेवर नसलेला," ट्वायलानं मला समजावलं होतं. "त्याच्याशी बोलायला जाऊ नये, उत्तर येत नाही."

मी जेवायला हाक मारली की वेंडेल दर वेळी एकीच्याच मागे लावून यायचा. हिरव्या झग्यातली ती वैद्यीण, टोळीतल्यांच्या जखमा बऱ्या करणारी. खरी कोण, तर सरहद्दीपलीकडच्या थंडर बेमधली कोरीन नावाची बाई. सव्वीस वर्षं माझ्या हातचं खाल्लेला माणूस माझ्याकडे येताना स्वतःला तिच्या स्वाधीन करून येत होता, आणि वर मलाच विचारत होता, मीठ कुठंय.

"कोण रे ही कोरीन?" एकदा मी विचारलं.

"टोळीतली. फार सांभाळून नेते मला. म्हातारी आहे बिचारी."

"तुला बरं ठाऊक, म्हातारी ते!"

"अगं, आवाजावरून कळतं की."

म्हणजे आवाजही ऐकून झाला होता. त्या दिवशी मी जेवले नाही.

एप्रिलमधल्या एका शनिवारी दुपारी जेवताना माझ्या हातून काटा पडला. उचलायला वाकले तर टेबलाखाली वेंडेलचे पाय चालत होते. मोज्यातले पाय, जागच्या जागी, एक उचलत एक टेकत, सावकाश, चढावर चालावं तसे. वर तो बटाटा मोडत गिरणीतल्या नव्या मुकादमाच्या नावानं खडे फोडत होता. पाय थांबले, आणि थोड्या वेळानं पुन्हा चालू लागले. पाणी आणायच्या निमित्तानं मी उठले आणि मागच्या खोलीच्या दारात जाऊन उभी राहिले. पडद्यावर हिरवा झगा डोंगर चढत होता आणि त्याच्यामागे कुऱ्हाडवाला. झगा थांबला, कुऱ्हाडवालाही थांबला, आणि स्वयंपाकघरातून येणारा, फरशीवर मोजे घासल्याचा आवाज थांबला. मी पाण्याचा जग भरून टेबलावर आणून ठेवला. सांगणार कुणाला? लोकांनी मलाच वेड्यात काढलं असतं.

जुलैमध्ये टोळीची सहल सरोवराकाठच्या बागेत भरली आणि मी हट्टानं बरोबर गेले. कोरीन साठीच्या पुढची निघाली, गुडघ्याला पट्टा, डोक्यावर गवती टोपी, घरून करून आणलेलं बटाट्याचं सॅलड. ती देखणी असती तर मला सोपं गेलं असतं. वेंडेल माझ्या शेजारी बसून आमच्या लग्नाच्या दिवशी गाडी चिखलात कशी रुतली ते सगळ्यांना सांगत होता. ही गोष्ट तो छान सांगतो. तेवढ्यात कोरीन उठून सरबताकडे निघाली, आणि वाक्य अर्ध्यावर टाकून, हातातल्या ताटासकट, वेंडेल उठला आणि तिच्या दोन पावलं मागे चालू लागला. ती कुणाशी बोलायला थांबली तसा तोही थांबला. डोळे उघडे होते, पण ते कशाकडेच बघत नव्हते.

"ए वेंडेल, कळ सोड की रे आता!" कुणीतरी ओरडलं आणि सगळी टोळी हसली. मीही हसले. कोरीननं एकदाही वळून पाहिलं नाही, तेच मला जास्त लागलं. मागे कुणीतरी असणारच हे ठाऊक असल्यासारखी ती फक्त जरा हळू चालू लागली, त्याच्या ताटातलं सांडू नये म्हणून.

"तिच्या मागे कशाला गेलास?" परतताना गाडीत मी विचारलं.

"कुणाच्या? मी तर बाकावरून उठलोच नाही."

खोटं बोलताना वेंडेलचे कान लाल होतात. ते लाल झाले नव्हते.

मग मीच खेळायला लागले. स्वयंपाकघरातल्या जुन्या लॅपटॉपवर, वेंडेल गिरणीत असताना, हातात नुसती काठी घेतलेली एक बाई तयार केली आणि त्या दोघांपर्यंत पोचायला निघाले. वाटेत लांडग्यांनी मला कितीदा फाडलं याची मोजदाद नाही. आयुष्यात दुसऱ्या कशासाठी मी एवढी चिकाटी धरली नसेल, पण मत्सर माणसाला काय वाटेल ते शिकवतो. जानेवारीत पोचले. शनिवारची दुपार होती, वेंडेल नेहमीप्रमाणे तिच्या मागे लावून अंगणातला बर्फ उपसायला गेला होता. मी माझ्या बाईला त्यांच्या शेजारी नेऊन उभं केलं आणि मागच्या खोलीत जाऊन त्याच्या खुर्चीत बसले. खुर्ची अजून ऊबदार होती.

हिरव्या झग्याच्या डोक्यावर अक्षरं उमटली. "आर्डिस, तू आहेस ना?"

माझं बोट कळेवरच थांबलं.

"असं नको करूस. आधी त्याला परत येऊन खुर्चीत बसू दे. मग ने."

मग ने! जणू माझा नवरा ही मीच तिच्याकडे ठेवायला दिलेली वस्तू होती. मी कुऱ्हाडवाल्याला तिच्यामागून काढलं आणि माझ्या बाईच्या मागे लावून दिलं.

बाहेर फावड्याचा आवाज थांबला. दार उघडलं. कधी नव्हे ते बूट न काढता, फरशीभर बर्फ सांडत तो आत आला आणि माझ्या पाठीशी उभा राहिला. मी उठून स्वयंपाकघरात गेले, तो मागोमाग आला. खोटं कशाला सांगू, मला इतका आनंद झाला की मी उगाचच घरभर दोनदा फिरून आले. मग मागच्या खोलीतल्या कॉम्प्युटरची वायर उपटली आणि त्याच्यावर टेबलक्लॉथ टाकला.

गिरणीत मी त्याच्या पाठीचं दुखणं कळवलं. दुकानात, चर्चमध्ये, पोस्टात तो माझ्या दोन पावलं मागे. "नशीब काढलंस हो आर्डिस," ट्वायला म्हणाली, "आमचे साहेब तर पिशव्या धरायला गाडीतून उतरतसुद्धा नाहीत." मी मान डोलावली. त्याला जेवायला मी बसवत होते, बूट मी काढत होते. आठव्या दिवशी, जेवताना, मी मुद्दामच आळणी केलेलं सूप त्याच्यापुढे ठेवलं आणि वाट बघितली. त्यानं ते संपवलं. मीठ कुठंय हे विचारलं नाही.

"वेंडेल," मी म्हणाले, "चिखलात गाडी रुतली होती ती गोष्ट सांग ना."

उत्तर आलं नाही.

दुसऱ्या दिवशी चर्चमधून आल्या आल्या मी लॅपटॉप उघडला. घेऊन जा बाई, पण त्याला पूर्वीसारखा कर, असं तिला म्हणायचं मी ठरवलं होतं. माझी बाई होती तिथेच उभी होती, हातात काठी, आणि तिच्या मागे कुणीच नव्हतं. लांब, पाण्याकाठी, शेकोटीशी हिरवा झगा बसला होता आणि त्याच्या समोर, मागे नाही, समोर, कुऱ्हाडवाला. तो हातवारे करत होता. मी मागच्या खोलीकडे पाहिलं. टेबलक्लॉथ होता तसाच होता, वायर जमिनीवर पडलेली होती.

मी जवळ गेले. त्याच्या डोक्यावर अक्षरं एकामागून एक उमटत होती. गाडी चिखलात रुतलेली, नवरी ढकलतेय, नवरदेव चाकाखाली कोट अंथरतोय. आमची गोष्ट, त्याच्याच शब्दांत, शेवटच्या थट्टेपर्यंत.

"जेवायला बोलावत असेल ती तुला," हिरव्या झग्यानं लिहिलं.

"बोलावू दे," त्यानं लिहिलं. "तिच्या मागे लावून आलोय."

मी लॅपटॉप मिटला, उभी राहिले आणि डावीकडे एक पाऊल टाकलं. माझ्या पाठीमागे, दोन पावलांवर, मोज्यातला पाय फरशीवर घासला.