बाहेरून लागणारी कडी

कुलूपवाल्याचं दुकान एका दारापेक्षा फारसं रुंद नव्हतं. किल्ल्या कापायच्या यंत्रावर त्याची बायको बसायची आणि तो स्वतः हत्यारांची पिशवी खांद्याला अडकवून घरोघर हिंडायचा. कुलूप उघडायला बोलावणारी माणसं घायकुतीला आलेली असतात, बसवायला बोलावणारी निवांत असतात, हा त्याचा नेहमीचा अनुभव. त्या दुपारी ज्यानं बोलावलं होतं त्याला कुलूप बसवूनच घ्यायचं होतं, तरी त्याचा पाय एका जागी ठरत नव्हता.

"इथे," तो माणूस आतल्या खोलीच्या दाराकडे बोट दाखवून म्हणाला. अंगात इस्त्रीचा शर्ट होता, पण डोळे पार खोल गेलेले. "बाहेरून लागेल अशी कडी हवी. वर कुलूप."

"सामानाची खोली आहे का?"

"आईची खोली आहे."

कुलूपवाल्यानं पिशवी खाली ठेवली. दार अर्धवट उघडं होतं. आत पलंगाच्या कडेला एक म्हातारी बसली होती. पायांत चपला, मांडीवर पर्स, केस नीट विंचरलेले. आत्ता कुणीतरी न्यायला येणार आहे अशा तयारीत.

"तिला विसरायला होतं," मुलगा आवाज खाली आणून म्हणाला. "मी कामावर गेलो की बाहेर पडते."

कुलूपवाला माप घ्यायला वाकला आणि त्याला दाराची मूठ दिसली. मुठीवर बारीक खाच पडली होती, दोरी घासून घासून पडते तशी. दाराबाहेर समोरच असलेल्या कपाटाच्या मुठीवर तशीच दुसरी खाच. म्हणजे कोंडून ठेवायचा विचार आज सुचलेला नव्हता. आजवर दोरीवर भागत होतं, इतकंच. त्यानं खोलीत नजर टाकली. खिडकीला गज. कोपऱ्यात पाण्याची बाटली, आणि एक बादली.

मुलगा फोन घ्यायला बाजूला गेला तशी म्हातारी उठली, दारापर्यंत आली आणि तिनं कुलूपवाल्याचं मनगट धरलं. हात गार होता.

"बाहेरून नको हो," ती अगदी हळू म्हणाली. "हाक मारली तर कुणाला ऐकू जात नाही."

मुलगा परत आला आणि तिनं हात सोडला. कुलूपवाल्याच्या पिशवीत दोन कड्या होत्या, दोन्ही या दाराला बसणाऱ्या. त्यानं पिशवी बंद केली.

"या मापाची कडी आणलेली नाही," तो म्हणाला. "उद्या येतो."

"उद्या नक्की. सकाळी. मी कामावर उशिरा जाईन म्हणून सांगतो."

दुकानात परतल्यावर त्यानं सगळं बायकोला सांगितलं. तिनं यंत्र बंद केलं, म्हणजे गोष्ट गंभीर होती.

"बसवू नका."

"मी नाही बसवली तर दुसरा कुणी बसवेल. आणि दोरी तर आहेच."

"मग पोलिसांना सांगा."

"काय सांगू? मुठीला खाच दिसली म्हणून? उद्या हेच लोक मला विचारतील, तुला कुणी नाक खुपसायला सांगितलं. आणि तो पोरगा वाईट वाटला नाही गं. पार पिचलेला वाटला."

"पिचलेला असेल. पण कोंडलेली ती आहे."

त्यानं फोन उचलला आणि सगळ्यांना तोंडपाठ असलेला आणीबाणीचा नंबर लावायला घेतला. बायकोनं हात आडवा धरला.

"हा नको. तिकडे कुणाचा जीव जात असेल आणि तुम्ही लाईन अडवून खाचेची गोष्ट सांगत बसाल. आपल्या चौकीचा साधा नंबर असतो, तो लावा."

तो शोधून काढेपर्यंत त्याच्या कपाळावर घाम आला. पहिल्यांदा कुणी उचललाच नाही. हायसं वाटलं आणि त्याचीच त्याला लाज वाटली. दुसऱ्या खेपेला एका बाईचा आवाज आला, शांत, थोडा थकलेला.

"आत्ता या घटकेला कुणाला मारहाण होतेय का? कुणी आत अडकलंय?"

"आत्ता नाही. मुलगा घरी आहे. दार उघडं आहे."

"बरं. मग बरोबर नंबर लावलात. आता सांगा. डोळ्यांनी पाहिलं ते आधी, मनात आलं ते नंतर."

हे त्याला जमलं. मूठ, खाच, बादली, गज. म्हातारीचे शब्द जसेच्या तसे. मग तो अडखळला. "बाई, माझं नाव त्यांना कळेल का?"

"मला लागेल. आमच्याकडून त्यांना कळणार नाही. पण ते अंदाज बांधतील, हे धरून चाला. उद्या दिवसभरात कुणीतरी घरी जाऊन बघेल. वेळ सांगता येणार नाही. आणि हे बघा, तुम्ही तिथे गेलात आणि दार बंद दिसलं, आतून हाक आली, धुराचा वास आला, काहीही, तर मला फोन करायचा नाही. मग आणीबाणीचा."

सकाळी तो गेला. गेला नसता तर मुलानं दुसरा माणूस बोलावला असता. म्हातारी तशीच पलंगावर बसलेली, पर्स मांडीवर. पोलीस आलेले नव्हते.

कुलूपवाल्यानं एवढं सावकाश काम उभ्या आयुष्यात केलं नव्हतं. माप पुन्हा घेतलं. पेन्सिलीची खूण पुसून पुन्हा केली. ड्रिलचं बिट बदललं, मग म्हणाला हे नको, आधीचंच बरं. मुलगा मागे उभा होता. त्याचा श्वास मानेवर लागत होता.

"पाच मिनिटांचं काम आहे हे."

"चौकट जुनी आहे. तडकली तर पंचाईत."

"तडकू दे. लावा."

त्यानं एक भोक पाडलं. लाकडाचा भुसा फरशीवर पडला. आतून म्हातारी म्हणाली, "कोण आहे?" आणि कुणीच उत्तर दिलं नाही. दुसरं भोक. कडी एका स्क्रूवर अडकवून त्यानं दुसरा स्क्रू हातातून पाडला, मुद्दाम, आणि कपाटाखाली हात घालून शोधत बसला.

"तुमच्या मनात काय आहे?" मुलानं विचारलं. आवाज चढलेला नव्हता. कुलूपवाला गुडघ्यांवर होता आणि पेचकस मुलाच्या पायापाशी पडला होता. मुलानं तो उचलला. "सरका. मी लावतो."

तेव्हा बेल वाजली.

दारात एक पोलीसबाई आणि तिच्याबरोबर एक तरुण शिपाई होता. "सहज चौकशीला आलोय," ती म्हणाली. "तुमच्या आईंना भेटायचंय." तिची नजर अर्धवट लागलेल्या कडीवर गेली, मुलाच्या हातातल्या पेचकसावर गेली. मुलगा कुलूपवाल्याकडे वळला. बराच वेळ बघत राहिला. कुलूपवाल्यानं मान खाली घातली नाही, पण ती तशी ठेवायला त्याला बळ लागलं.

पोलीसबाई आत जाऊन म्हाताऱ्या बाईशेजारी पलंगावर बसली आणि तिनं दार लोटून घेतलं. बाहेर तिघे पुरुष उभे. शेवटी मुलगाच बोलला, कुणाकडेही न बघता.

"मोठ्या रस्त्याच्या मधोमध उभी होती. गाड्या दोन्हीकडून. मला ओळखलं नाही तिनं. मग काय करायचं माणसानं? नोकरी सोडू?"

शिपाई म्हणाला, "हे आधी कुणाला विचारलंत का?"

"कुणाला विचारायचं?" त्यानं पेचकस कपाटावर ठेवला आणि भिंतीला टेकून खाली बसला. इस्त्रीच्या शर्टासकट, भुशात.

कडी त्या दिवशी उतरवली गेली. मुलाला कुणी पकडून नेलं नाही, पण सुटकाही झाली नाही. समज दिली गेली, आठवड्यानं पुन्हा बघायला येऊ असं सांगितलं गेलं, आणि ते खरंच आले. एका समाजसेविकेचा नंबर दिला गेला. कुलूपवाल्याला हे सगळं पुढे चौकीतूनच कळलं, तेही त्यानं दोनदा विचारल्यावर.

तो मुलगा मात्र काही आठवड्यांनी स्वतःहून दुकानात आला. काउंटरवर घराची किल्ली ठेवून म्हणाला, "अशीच एक हवी. दुपारी आईपाशी बाई येते, तिच्यासाठी."

बायकोनं किल्ली यंत्राला लावली. यंत्र थांबलं तसं त्यानं विचारलं, "फोन तुम्हीच केला होतात ना?"

"हो," कुलूपवाला म्हणाला.

"मला सरळ बोलला असतात तर?"

कुलूपवाल्यानं विचार केला. "तुम्ही ऐकलं असतंत?"

मुलगा यंत्राकडे बघत होता. "मी अजून चिडलेलो आहे," तो म्हणाला. "रात्री झोप लागते आता, पण चिडलेलो आहे."

"राहा चिडलेले," कुलूपवाला म्हणाला. "आई कशी आहे?"

"माझ्याकडे बोट करून त्या बाईला सांगते, हा कुणीतरी माणूस घरात राहतो, चांगला वाटतो." त्याच्या ओठाचा कोपरा हलला, हसू होतं की आणखी काही ते समजलं नाही. बायकोनं नव्या किल्लीच्या कडा कानशीनं घासल्या, फुंकर मारली, आणि काउंटरमागचं स्टूल त्याच्याकडे सरकवलं.

"बसा जरा," ती म्हणाली. "चहा टाकते."