थोरल्याची पकड

थोरल्याचा उजवा अंगठा रुसला, ते त्याने कोणालाच सांगितलं नाही. दोघा भावांचं पंप दुरुस्तीचं दुकान होतं. थोरला पंप खोलायचा-जोडायचा, धाकटा मोटारींचं वायंडिंग बघायचा. गंजून एकजीव झालेला नटही थोरल्याला बघून मुकाट्याने सुटतो, असं गिऱ्हाइकं म्हणत. म्हणून हातातून पाना निसटायला लागला तेव्हा त्याने आधी तेलाला दोष दिला, मग थंडीला, मग वयाला. शेवटी त्याने लॉकची पक्कड काढली आणि जो तो जिन्नस तिनेच धरायला लागला.

बायकोला पत्ता लागला तो स्वयंपाकघरात. बरणीचं झाकण उघडायला तो ती पक्कड लावत होता.

"हे काय नवीन खूळ?"

"खूळ नाही, सोय आहे. बघ, या दांड्याच्या टोकाला स्क्रू आहे. तो फिरवून जबडा हवा तेवढा उघडा ठेवायचा. मग मूठ आवळायची. पोटात ही पट्टी आहे ना, ती आधी वाकडी असते. दाबलं की सरळ होते, आणि सरळच्या केसभर पलीकडे गेली की टक्! आता हात काढला तरी ती मागे येत नाही. धरून ठेवायला माणूस लागत नाही."

"आणि सोडवायची कशी?"

"ही छोटी पट्टी दाबायची."

"बरं आहे. तुमच्यात अशी पट्टी असती तर भांडणं तरी लवकर सुटली असती," ती म्हणाली.

एरवी तो खो खो हसला असता. आज त्याने नुसतं झाकण पुढे सरकवलं. तिने त्याचा हात हातात घेऊन पाहिला. अंगठ्याखालचा मांसल भाग बसला होता, तिथे खळगा पडला होता.

"हे कधीपासून?"

"वयच झालं आता," तो म्हणाला आणि चप्पल घालून दुकानात गेला.

त्याच आठवड्यात एका लाँड्रीचा पंप आला. आतला नट झिजून गोल झालेला, त्यावर कुठलाच पाना बसेना. थोरल्याने पक्कड लावली, पण ती बंद होईना. स्क्रू जितका आत, तितका जबड्याचा दाब जास्त. पण मूठ आवळायलाही तितकाच जोर हवा. तो जोर त्याच्यात उरला नव्हता. धाकट्याची पाठ होती. थोरल्याने हळूच स्क्रू उलटा फिरवला. आता पक्कड सहज मिटली, टक् असा आवाजही आला. फक्त त्या आवाजामागे दाब नव्हता. त्याने दांडा धरून अख्ख्या अंगाचा भार टाकला, जबडा नटावरून सटकला आणि थोरला पंपाच्या कडेवर तोंडघशी पडला.

धाकट्याने त्याला उचललं. भुवई फुटली होती. मग त्याने पक्कड उचलून मिटवून पाहिली. ती दोन बोटांनी मिटत होती.

"दादा, एवढी ढिली? ही तर कागदसुद्धा धरणार नाही."

"घट्ट केली तर मला मिटत नाही रे," थोरला म्हणाला.

भावाच्या तोंडून 'मला जमत नाही' असं काही धाकट्याने जन्मात ऐकलं नव्हतं. त्याने शटर अर्धं ओढलं आणि त्याला घेऊन दवाखान्याची वाट धरली.

डॉक्टरीणबाई चांगल्या होत्या, घाईघाईने बोलल्या नाहीत. सगळ्या तपासण्या झाल्यावर, स्नायूंना हुकूम देणाऱ्या नसा मरत चालल्या आहेत, म्हणाल्या. आधी हात, मग पाय, पुढे जीभ आणि गिळणं. औषधाने जरा सावकाश होईल. थांबणार नाही.

"व्यायाम केला तर?" थोरल्याच्या बायकोने विचारलं; वहिनीला धाकट्याने बोलावून घेतलं होतं.

"त्याने उपयोग होणार नाही. उलट दमतील."

धाकटा मात्र स्वस्थ बसेना. त्याने पकडीच्या दांड्याला बाहेरून पाइपचा तुकडा वेल्ड केला, सोडवायची पट्टी मोकळी राहील असा. दांडा लांब, म्हणून जोर कमी लागणार. एक दांडा टेबलावर टेकवायचा, दुसऱ्यावर कोपर टाकायचं. पहिल्या दिवशी थोरल्याने स्क्रू चांगला आवळून पक्कड मिटवली, तेव्हा धाकट्याने टाळीच वाजवली.

"बघ! अजून दहा वर्षं दुकान चालवतोस तू!"

"चालवीन की," थोरला म्हणाला. त्याला खरं माहीत होतं. भावाचा चेहरा बघून त्याने हो म्हटलं.

हिवाळा सरेपर्यंत ती युक्ती पुरली. मग पक्कड मिटायची, पण सुटेना. छोटी पट्टी दाबायला अंगठाच लागतो, आणि अंगठा गेलेला. वहिनी डबा घेऊन आली की आधी पक्कड सोडवून द्यायची, मग डबा उघडायची. पुढे तिलाच त्याला भरवावं लागलं. दुकानात ती दोघं भिंतीकडे तोंड करून बसत, गिऱ्हाइकाला दिसू नये म्हणून.

उन्हाळ्यात थोरला नुसता खुर्चीत बसू लागला. खोलणं-जोडणं आता धाकटाच करी आणि गिऱ्हाइकाला सांगे, "दादाने केलंय." निम्मी गिऱ्हाइकं तरीही दुसरीकडे गेली. अडलं की धाकटा खुर्चीकडे वळून विचारी आणि थोरला सांगे. हात नसले तरी डोकं शाबूत होतं.

मग जिभेवर आलं.

एका दुपारी धाकटा एका जुन्या पंपापुढे अडून बसला होता. असा पंप त्याने कधी खोलला नव्हता.

"दादा, ही पिन कुठल्या बाजूने ठोकून काढायची?"

थोरला बोलला. शब्द एकमेकांत मिसळून बाहेर पडले.

"काय?"

तो पुन्हा बोलला, सावकाश, मानेच्या शिरा ताणून. धाकटा जवळ जाऊन वाकला, त्याने कान लावला. थोरल्याने तिसऱ्यांदा सांगितलं आणि त्याला दम लागला.

"हां हां, कळलं," धाकटा म्हणाला.

त्याने हातोडी घेतली आणि आपल्या अंदाजाने एका बाजूने ठोकायला सुरुवात केली. बाजू चुकली होती. थोरला थोडा वेळ बघत राहिला. मग त्याने मान रस्त्याकडे वळवली, आणि मागे पंपाचं बिडाचं कवच तडकल्याचा आवाज आला तरी ती परत फिरवली नाही.