जाड लिफाफा

मुलांनो, जरा कल्पना करा. तुम्ही कोर्टातल्या बाकावर बसला आहात. मांडीवर कापडी पिशवी आहे. तिच्यात काय आहे ते फक्त तुम्हाला आणि तुमच्या आजीला ठाऊक आहे, आणि त्यामुळे तुम्हाला मान वर करवत नाही. बंगालमधल्या जलपाईगुडीच्या कोर्टात पुसनीचं अगदी असंच झालं होतं.

पुसनीची आजी बिरसमुनी जन्मभर चहाच्या बागेत पानं खुडत आली. निवृत्तीच्या दिवशी ऑफिससमोर तिच्या गळ्यात हार पडला, हातात छत्री आली आणि वर निवृत्तीच्या पैशांचा एक लिफाफा. लिफाफा साहेबांसमोर उघडायचा नाही, अशी बागेची रीत. हात जोडायचे, फोटो काढून घ्यायचा आणि मजुरांच्या घरांच्या रांगेत, म्हणजे लाइनीत परतायचं. तिथे शेजारीपाजारी तांदळाची दारू, म्हणजे हंडिया गाळून, मादळ ढोल वाजवत वाट बघत असतात.

वाटेत झुडपांच्या आड, फक्त पुसनी सोबत असताना, आजीने लिफाफा उघडला. आत काहीच नव्हतं.

"मागाहून देणार असतील," आजी म्हणाली. मग हळूच म्हणाली, "पण आता लोकांना काय तोंड दाखवू गं?"

पुसनीला ते बघवेना. तिने शेजारच्या झुडपाची पानं ओरबाडली, लिफाफ्यात कोंबली आणि थुंकी लावून तो बंद केला. बागेचं पान घरी नेणं म्हणजे चोरी. आजीने आयुष्यात कधी एक पान नेलं नव्हतं. त्या दिवशी मात्र ती नुसती जमिनीकडे बघत राहिली.

लाइनीत मजुरांचा मुकादम चरवा सरदार, आजीचा मानलेला दीर, याने लिफाफा दाबून पाहिला. "अगं भौजी, ही तर गादीच आहे की! आता आम्हाला ओळख देशील ना?"

"दात नाहीत तिला, एवढे पैसे चावणार कशाने?" कुणीतरी ओरडलं. सगळे हसले. आजीही हसली, आणि त्या रात्री तिने उधारीवर साऱ्या लाइनीला हंडिया पाजली.

पैसे मागाहूनही आले नाहीत. दोन पावसाळे छप्पर आजीच्या खाटेवर गळत राहिलं. ऑफिसात गेलं की बाबू म्हणायचा, "उद्या ये." शेवटी एका वकीलबाईंनी दावा लावून दिला. "बागेने दिलेलं सगळं घेऊन या," असं त्यांनी बजावलं होतं. आजीने तो तसाच बंद असलेला लिफाफाही पिशवीत घातला. पिशवी पुसनीकडे देत ती म्हणाली, "मी सांगेपर्यंत उघडायची नाही."

कोर्टात बागेचा वकील म्हणाला, "रक्कम रोख दिली, सगळ्यांसमोर." साक्षीला त्याने चरवालाच बोलावलं.

"लिफाफा पाहिलास?"

"पाहिला, हुजूर. हाताने दाबला. चांगला जाड होता." चरवाने ओशाळून आजीकडे पाहिलं. "खोटं कसं बोलू, भौजी? तू दाखवलास तसा पाहिला."

"आजी, तुम्ही सांगा," न्यायाधीशबाई म्हणाल्या. "काय होतं त्यात?"

आजीने पदर तोंडावर ओढला. रिकामा होता म्हणावं, तर जाड कसा झाला ते विचारणार. पानं होती म्हणावं, तर नात चोर ठरणार.

मागच्या बाकावर लाइनीतल्या बाया कुजबुजल्या. "हंडिया पाजलीन, मिरवलीन, आणि आता म्हणते मिळालेच नाहीत! म्हातारपणी हे काय सुचलं हिला!"

पुसनीचे कान तापले. आजीला लबाड म्हणत होत्या, आणि लबाडी तर पुसनीची स्वतःची होती.

"पिशवीत काय आहे?" वकीलबाईंनी हळूच विचारलं.

"छत्री," आजी पदराआडून म्हणाली. एवढंच.

पुसनी उठली. आजीने तिचा फ्रॉक धरला. "बस खाली, पुसनी. बस म्हणते ना!"

पुसनीने फ्रॉक सोडवून घेतला. ती न्यायाधीशबाईंच्या टेबलापर्यंत गेली. तिने लिफाफा काढला, फाडला आणि सगळ्यांदेखत उलटा केला. काळी पडलेली, चुरा झालेली पानं टेबलावर पसरली.

"ही मी तोडली," पुसनी म्हणाली. "आत दुसरं काहीच नव्हतं."