पेनल्टीच्या खुणेवरची माती

"कॉर्नरची माती नको मला," पाल्मिरा आजी म्हणाली. "माझा बाप कॉर्नरला नाही, गोलात आहे. डाव्या खांबापासून एक हात."

बासानने फावडं उचललं, खांबापासून एक हात मोजला आणि तिथली माती काढून दिली. आजीने ती पिठाच्या पिशवीत घेतली, गाठ मारली आणि पिशवीचा मुका घेतला.

रांग फाटकातून बाहेर पार रेल्वेच्या रुळांपर्यंत गेली होती. सोमवारपासून एस्त्रेया फुटबॉल क्लबचं मैदान उकरून माती ट्रकने नेणार होते आणि तिच्या जागी प्लास्टिकचं गवत येणार होतं. ज्यांची माणसं मैदानात आहेत त्यांनी शनिवारी येऊन आपली माती न्यावी, असा फलक कमिटीने लावला होता. आमच्या बंदरावर क्लबचा कट्टर चाहता वारला की त्याची राख मैदानात जाते. बासान अडतीस वर्षं मैदान सांभाळतो, तेव्हापासून हे काम त्याचंच.

कमिटीने क्लबच्या इतिहासाचं गुळगुळीत पुस्तक काढलंय. त्यात कप आहेत आणि अध्यक्षांची पोटं आहेत. खरा इतिहास त्या शनिवारी पिशव्या घेऊन उन्हात उभा होता. एकाला मधल्या वर्तुळातली माती हवी होती, कारण त्याच्या आजोबाने इतर हमालांबरोबर धान्याच्या फाटक्या पोत्यांत भर घालून ही दलदल बुजवली, तेव्हा पहिलं पोतं तिथे टाकलं होतं. दोघी बहिणींना उजवी कड हवी होती, कारण पुराच्या वर्षी त्यांच्या आईने नावेतून येऊन तिथे क्लबचा झेंडा रोवला होता.

मला पेनल्टीची खूण हवी होती. शहात्तर साली आम्ही वरच्या विभागात चढलो ते त्या खुणेवरून मारलेल्या गोलाने. माझा नवरा अन्सेल्मो बंदरावर क्रेन चालवायचा. नऊ वर्षांपूर्वी तो गेला. "मला तिथे ठेव," एवढं एकच मागून गेला. राखेचा डबा मी स्वतः बासानच्या हातात दिला.

क्लबचे कपडे मी धुते. मशीन आहे, पण गुडघ्यांना लागलेली माती मी आधी हातानेच काढते आणि काढता काढता तिच्यातल्या अन्सेल्मोशी बोलते. मुलीचं बिनसलंय, छत गळतंय, काल तुझी सून उर्मटपणे बोलली, सगळं सांगते. कोणी वेडी म्हणालं तर म्हणू देत.

माझी पाळी आली तेव्हा बासानने फावडं जमिनीत रोवलं.

"एर्मिंदा, तू जरा थांब. आधी बाकीच्यांचं होऊ दे."

"का? मी रांगेत उभी नव्हते?"

"शेडमध्ये ये."

शेडमध्ये त्याने दार लोटलं. टोपी काढली.

"तो तिथे नाही."

"कोण?"

"अन्सेल्मो. कोणीच नाही तिथे."

माझ्या हातातली बरणी मी बाकावर ठेवली.

"राखेने गवत जळतं गं," तो म्हणाला. "पहिल्या दोघांची पसरली, तर महिन्यात टक्कल पडलं मैदानाला. तेव्हाची कमिटी म्हणाली, यापुढे कोणाची घेऊ नकोस. आता डबा घेऊन रडत आलेल्या माणसाला नाही कसं म्हणायचं, तूच सांग. त्यांच्यासमोर चिमूटभर टाकायचो. बाकीची मागे, भिंतीच्या कडेला पुरायचो. नीट, एकेकाला वेगळं."

"मग नऊ वर्षं मी कोणाशी बोलत होते?"

मला त्याच्या दोन मुस्काटात द्याव्याशा वाटल्या. लाजही वाटली, भर बाजारात पदर सुटल्यासारखी.

"अडतीस वर्षं तोंड शिवून बसलास ना? मग आजच कशाला उघडलंस?"

"तुझी धुण्याची खोली आणि ही शेड यांच्यामध्ये नुसता पत्रा आहे," बासान म्हणाला. "मला ऐकू येतं. बाकीच्यांना दिली, पण तुला खोटी माती देववेना."

बाहेरून कोणीतरी दार वाजवलं. पाल्मिरा आजी पिशवी छातीशी धरून परत आली होती.

"बासान, खरं सांग. माझा नातू म्हणतो, इतक्या पावसात सगळं कधीच वाहून गेलं असेल. यात बाबा आहे ना रे?"

बासानने माझ्याकडे पाहिलं. त्याचा चेहरा मी ओळखते. एकदा खरं बोलून बसलेला माणूस, त्याला आता दुसरं खरंही आवरणार नव्हतं.

"आजी," मी मध्येच म्हणाले, "ही माती मी दर आठवड्याला हाताने धुते. माणसं आहेत त्यात. नातवाला सांग, एर्मिंदाने सांगितलंय."

आजीचे खांदे खाली आले. तिने मान हलवली आणि नातवाच्या नावाने पुटपुटत निघून गेली.

मग मी बाहेर आले आणि पिशव्यांची तोंडं धरायला लागले. बासान माती काढत होता, मी नावं विचारत होते. माझी बरणीही सगळ्यांसमोर पेनल्टीच्या खुणेवरून भरून घेतली, नाहीतर लोकांनी विचारलं असतं. दुपारी दोनला शेवटचा माणूस गेला.

मागच्या भिंतीवर जाईचा वेल आहे. त्याच्याखाली दोन हातांचा पट्टा लांबवर जातो. इतकी वर्षं मी तिथून कपड्यांच्या टोपल्या घेऊन गेलेय, कधी वाकून पाहिलं नव्हतं. विटांचे छोटे तुकडे ओळीने रोवलेले होते.

"हे पण नेतील ना ट्रकवाले?"

"नाही. नकाशा दोनदा पाहिलाय. भिंतीपासून लांब खणणार आहेत," बासान म्हणाला. "अन्सेल्मो हा. नळापासून चौथा. त्याला ऊन सोसायचं नाही ना, म्हणून सावलीत."

मी खाली बसले. विटेच्या तुकड्यावरून हात फिरवला. मग डोळे पुसून विचारलं, "आणि हा शेजारचा?"

"सिप्रियानो."

"सिप्रियानो? अरे, जन्मभर दोघांनी एकमेकांचं तोंड पाहिलं नाही."

"एकाच महिन्यात आले दोघं. काय करू?"

मला हसू आलं आणि मग रडूही आलं. बासानने वेलाकडे तोंड फिरवलं. तो तेवढा समजूतदार आहे.

"आणि या बाजूला?" मी विचारलं.

"इकडे कोणी नाही अजून."

"मग कोणाला घालू नकोस."

बासान त्याच जागेवर उभा होता. त्याने खाली पाहिलं, आणि एकेक पाय उचलून बाजूला झाला.