धगीचे दगड

गोड बोलणारा माणूस दिसला की मी आधी त्याचे हात बघते. त्या थंडोबाचे तर चांगले पारखून आले होते, म्हणून सांगते.

थंडोबा हे मी ठेवलेलं नाव. बाकी गाव त्याला 'थोरले' म्हणतं. त्याची शिकवण अशी, की अंगातली ऊब म्हणजेच मीपण. राग, हाव, भांडणं, सगळं त्या उबेतूनच उठतं. म्हणून गुळगुळीत दगड छातीशी धरून रोज बसायचं आणि ऊब त्यात उतरू द्यायची. माणूस पुरता निवला की थोरले तो दगड नदीत सोडणार, ऊब सूर्याकडे परत जाणार, माणूस सुटणार. ऐकायला किती छान! माझा धाकटा भाऊ, हातात एवढी कला असलेला सुतार, त्याच्या मठात जाऊन बसायला लागला आणि माझं डोकंच फिरलं.

"वन्सं, यांच्या हाताला हात लावला की ओल्या फरशीला लावल्यासारखं वाटतं हो," भावजय माझ्या पावाच्या दुकानात येऊन रडायला लागली. "काल लेकीनं यांचा आवडता रंधा विहिरीत टाकला. रागावले नाहीत, हसले नाहीत. नुसते बघत राहिले. वैद्य म्हणाले, हिवाळा निघायचा नाही."

"रडू नकोस. बघतेच त्या थंडोबाकडे."

पाव पोचवायच्या निमित्तानं मठात शिरले. माणसं भिंतीला टेकून बसली होती. ओठ निळसर, चेहऱ्यावर सगळ्यांच्या तेच शहाणं हसू. त्यांत माझा भाऊही.

"दगड कुठाय तुझा?" मी विचारलं.

"दिला काल. सुटलो, ताई."

"भोपळ्या, घरी चल!"

लहानपणी त्याचा चेहरा गोल गरगरीत होता, म्हणून मी त्याला भोपळ्या म्हणायची. नुसतं म्हटलं तरी त्याचे कान लालबुंद व्हायचे. लग्नात सगळ्यांसमोर म्हटलं तेव्हाही झाले होते. आज कान पांढरेफटक.

तेवढ्यात थोरल्यांनी येऊन माझ्या डोक्यावर हात ठेवला. हात गरम! भट्टीवालीला कुणी ऊब शिकवू नये. पीठ फुगलं की नाही, हे आम्ही मनगट लावून ओळखतो.

"सगळे निवले, तुम्हीच तेवढे राहिलात वाटतं?"

"सगळे उतरल्याशिवाय नावाडी उतरत नाही, बाई."

उत्तर कसं तयारच! असल्या माणसावर माझा काडीचा विश्वास नाही. भावाला दंडाला धरून ओढत घरी नेऊन निजवलं आणि तशीच नदीवर गेले. पाणी नितळ, तळाला वाळू. औषधालासुद्धा दगड नाही. मग जातात कुठं ते? मठाच्या दारावरचा माणूस मला चोर वाटला, घाटावरचा होडीवाला चोर वाटला, नदीवर धुणं धुणाऱ्या बाया गप्प झाल्या तर त्यासुद्धा सामील वाटल्या. भावजयीनंच नवऱ्याला तिथं धाडलं नसेल ना, इथवर माझी मजल गेली.

चरफडत दुकानात आले. दुपारच्या पावांची वेळ झाली होती आणि दगडवाला गाडी लावून उभा होता. आमच्याकडचं जळाऊ लाकूड कधीच संपलं. आता सगळ्या भट्ट्या धगीच्या दगडांवर चालतात. डोंगराच्या पोटातून निघतात, असं दगडवाला सांगतो. थंड पडले की आम्ही मागच्या अंगणात फेकतो आणि नवे घेतो.

"या खेपेचे ताजे आहेत, ताई," तो म्हणाला.

ताजे दगड भट्टीत रचले. पाव आत सरकवताना माझ्या तोंडाचा पट्टा चालूच होता. "बायको-पोरीला वाऱ्यावर सोडून सुटायला निघालाय मेला! अक्कल कुठं गहाण टाकलीस रे, भोपळ्या?"

भट्टीच्या कोपऱ्यातला एक दगड एकदम लालबुंद झाला. त्याच्यावरचे पाव बघता बघता करपले.

मी भट्टीच्या तोंडाशी वाकले. मग हळूच म्हटलं, "भोपळ्या?"

तो पुन्हा लाल झाला.

देवा रे! साऱ्या गावाला चोर ठरवलं आणि माझीच भट्टी तेवढी सुटली होती. चिमट्यानं दगड ओढला, फडक्यात गुंडाळला आणि धावत सुटले. फडकं जळत होतं, तळवे भाजत होते. पण ती त्याची ऊब होती, टाकणार कशी?

दगड त्याच्या छातीवर ठेवला. "भोपळ्या! ए भोपळ्या! ऊठ की रे, गधड्या!" मी ओरडत राहिले, रडत राहिले. भावजयीनंही पदर खोचला. जन्मात नवऱ्याला अरे म्हटलं नव्हतं तिनं, पण तीही "भोपळ्या, भोपळ्या" करायला लागली. दगड निवत गेला. त्याच्या कानाच्या पाळ्या आधी गुलाबी झाल्या, मग लाल.

"ताई," तो कुरकुरला, "हिच्यासमोर तरी नको ना म्हणूस."

मी त्याला एक धपाटा घातला आणि त्याच्या गळ्यात पडले.

दुकानात परतले तेव्हा भट्टी धगधगतच होती. चिमटा हातात घेऊन तिच्यासमोर बसले. उरलेल्या दगडांना काय म्हणून हाक मारायची ते मला ठाऊक नव्हतं. ते कुणाच्या तरी घरी ठाऊक असणार. एकेक बाहेर काढून टोपलीत ठेवला आणि पहिल्या घराचं दार वाजवायला निघाले. जाताना मागच्या अंगणातल्या ढिगाकडे बघायचं धाडस मला झालं नाही.