कोनाड्यातला अर्धा सादखडा

मित्रांनो, क्षणभर डोळे मिटा आणि कल्पना करा, की तुमच्या गावावर दोन चंद्र आहेत. दुसरा चंद्र उगवला, मग तो भर दुपारी का असेना, की दरीतून धुकं वर चढतं आणि गल्लीबोळांत असं भरतं, की आपलाच पसरलेला हात आपल्याला दिसत नाही. अशा धुक्यात तुम्ही घर कसं शोधाल? आमच्या घरात ते काम माझ्याकडे होतं.

मी एक जुना सादखडा आहे. खरं सांगायचं तर अर्धा. तळ्यात वीज पडली, तर क्वचित कधीतरी त्याच्या तळाशी आमच्यापैकी एखादा जन्माला येतो. मधाचा रंग आणि अंगातून गेलेली एक जांभळी रेघ, अशी आमची ओळख. मला घडवणारा खडाफोड्या आधी मला बराच वेळ तळहातावर घेऊन बसला. मग त्याने लाकडी मोगरीचा एकच ठोका दिला आणि माझे दोन तुकडे झाले. एक तुकडा, म्हणजे मी, दाराशेजारच्या कोनाड्यात बसलो. दुसरा त्या घरच्या लोकरवाल्याच्या गळ्यात गेला.

एकाच खड्याचे दोन तुकडे जवळ आले, की दोघेही गुणगुणू लागतात. अंतर घटेल तसा सूर वाढतो. लोकरवाला घाटापलीकडून गठ्ठे घेऊन निघाला, की धुक्यात तो डोळ्यांनी चालतच नसे. छातीवरचा सूर वाढला की वाट बरोबर, मंदावला की चुकली. इकडे माझा सूर लागला, की त्याची बायको चुलीवर पाणी चढवायची.

"आला हो आमचा माणूस," ती शेजारणीला सांगायची.

"तुझ्या नवऱ्यापेक्षा तुझा खडाच जास्त बोलतो गं," शेजारीण म्हणायची.

ते दिवस माझ्या कौतुकाचे होते. तरी एक गोष्ट मी कोणाला सांगितली नाही. घरात पाऊल टाकलं, की लोकरवाला माझा दुसरा तुकडा लोकरीत गुंडाळून ठेवायचा, नाहीतर आमच्या गुणगुणण्याने कोणाला झोप लागली नसती. तो तुकडा इतक्या दुरून माझ्याकडे यायचा आणि उंबऱ्याशी आला की मुका व्हायचा. घर भरून जायचं. मी मात्र कोनाड्यात एकटाच असायचो.

वर्षं गेली. लोकरवाल्याची बायको वारली. त्याच्या मुलाचं लग्न झालं, एक नात झाली. ती एका जागी टिकत नसे, म्हणून सगळे तिला भिंगरी म्हणत. त्याच सुमारास चौकातल्या मनोऱ्यावर मोठा भोंगा बसला. धुकं आलं की भोंगा वाजायचा आणि माणसं त्याच्या रोखाने बिनचूक घरी यायची. सादखड्यांकडे कोण बघणार?

एकदा घराचं रंगकाम काढलं. रंगाऱ्याने माझ्यापाशी कुंचला थांबवला.

"वहिनी, हा दगड सोडू का?"

"भिंतीतलाच आहे तो. मारून टाका हात त्याच्यावरूनही," सूनबाई म्हणाली. तिच्या मनात वाईट काही नव्हतं. तिला घर स्वच्छ हवं होतं, एवढंच.

तेलरंगाचे दोन थर बसले. माझा सूर आतल्या आत राहू लागला, आणि मी जागवल्याशिवाय माझा दुसरा तुकडाही जागा होईना. लोकरवाला, जो आता फक्त आजोबा होता, रोज फिरून यायचा, दाराशी थांबायचा आणि माझ्यावर बोटं टेकवायचा.

"थकलास ना तूही?" तो म्हणायचा.

मी थकलो नव्हतो, मित्रांनो. मी आत गुणगुणतच होतो. म्हणून सांगतो, घरातली जुनी वस्तू गप्प दिसली, तर ती निकामी झाली असं लगेच समजू नका. आपणच तिच्यावर काय फासलं आहे, ते आधी बघा.

मग एका दुपारी दुसरा चंद्र अचानक उगवला. आजोबा तेव्हा बाहेर होते. भोंगा वाजत राहिला, सगळे घरी आले, आजोबा आले नाहीत. त्यांचे कान गेले होते, हे घरात सर्वांना ठाऊक होतं. पण ज्याला ऐकू येत नाही, त्याला भोंगा काय वाट दाखवणार, हे कोणाच्या ध्यानात आलं नव्हतं. त्यात त्यांच्या पायवाटेला लागूनच दरीची कड होती. त्यांचा मुलगा हाका मारत वरच्या रस्त्याने धावला.

भिंगरी मात्र चमचा घेऊन माझा रंग खरवडायला बसली.

"अगं, आजोबा सापडत नाहीयेत आणि तू ह्या दगडाचं काय काढलंस?" आई ओरडली.

"आजोबांना हा कानांनी नाही, छातीने ऐकू येतो. त्यांनीच सांगितलंय मला. छातीत मधमाशी शिरल्यासारखं होतं म्हणाले."

मग आईनेही सुरी आणली. रंगाचे पापुद्रे निघाले, चुना ढिला करून त्यांनी मला कोनाड्यातून उपटलं. आईने भिंगरीचं मनगट घट्ट धरलं आणि भिंगरीने मला.

उताराच्या वाटेवर मी थरथरलो. डावीकडे गेल्यावर सूर वाढला. भिंगरी वळली, आई वळली. अगदी जवळ गेल्यावर दिसलं, आजोबा दरीच्या कडेच्या एका दगडाला धरून बसले होते. छाती चाचपत होते, रडत होते आणि हसतही होते.

"कळलं मला. म्हटलं, हलायचं नाही आता," ते म्हणाले.

त्यांनी गळ्यातला तुकडा काढून भिंगरीसमोर धरला. इतक्या वर्षांनी तो मला दिसला. त्याची जांभळी रेघ माझ्या रेघेपुढे अगदी बरोबर आली होती.

"लाव जोडून. जन्मभर ताटातूट झाली बिचाऱ्यांची. पण एकदा सांधले, की मग ते बोलत नाहीत हं."

भिंगरीने दोन्ही हातांत आम्हाला धरलं. आमच्यात एका बोटाचं अंतर होतं. मला किती वाटत होतं, ते मी कसं सांगू?

"आणि तुम्ही परत हरवलात तर?" तिने विचारलं. आजोबांना ते ऐकू गेलं नाही.

तिने माझ्यावरून एकदा अंगठा फिरवला. मग आजोबांचा तुकडा त्यांच्या गळ्यात परत घातला, सदऱ्याचं बटण लावलं, मला आपल्या खिशात ठेवलं आणि आजोबांचा हात धरून चालू लागली.