पहिलीचा फोटो

"बाई, जरा दुःखी दिसा. कवयित्री आहात तुम्ही," काळ्या कापडाआडून फोटोग्राफर म्हणाला.

सरोजिनीला दुःखी दिसायला फारसे कष्ट पडले नाहीत. कवयित्री ती नव्हतीच. कवयित्री होती तिची सवत, इंदिरा, तीन वर्षांपूर्वीच गेलेली. आता तिच्या कवितांचं पुस्तक निघायचं होतं, पहिल्या पानावर फोटो हवा होता आणि घरात तिचा एकही फोटो नव्हता. तेव्हा तिच्या नवऱ्याने, लोणावळ्याच्या गंगाधरपंत वकिलांनी, अक्कल लढवली. पहिली नाही तर दुसरी. बायको ती बायको!

"अहो, पण जिवंत माणसाचा फोटो मेलेल्याच्या नावानं?" तिने भीतभीत विचारलं.

"पुण्याच्या लोकांना काय कळतंय? मान खाली घाल."

हेच पंत इंदिरा जिवंत असताना तिचे कागद बंबात घालायचे. "कवितेवर आमटी उकळते का?" असं वर विचारायचे. जे बचावलं, ते तुंगार्लीहून कामाला येणाऱ्या धोंडाबाईने तांदळाच्या डब्यात दडवलं म्हणून. पुढे मासिकांतून बायकांच्या कवितांचा बोलबाला झाला, तशी पंतांना बायकोची प्रतिभा दिसू लागली. प्रस्तावना त्यांनीच लिहिली आणि ती कवितांपेक्षा लांब झाली. मेलेल्या म्हशीला मणभर दूध म्हणतात, ते काही उगाच नाही.

पुस्तकाच्या प्रकाशनाचा समारंभ बंगल्यातच झाला. भिंतीवर सरोजिनीचा फोटो, त्याला मोगऱ्याचा हार, पुढे उदबत्ती. पाहुणे सकाळच्या गाडीने पुण्याहून आलेले.

"डोळ्यांत काय आर्तता आहे हो!" एकाने उसासा टाकला आणि जिचे ते डोळे, तिच्याच हातून कॉफीचा पेला घेतला. वर पाहिलंसुद्धा नाही.

दारात उभी असलेली धोंडाबाई मात्र फोटो पाहून चरकली.

"ह्या तर तुमी, वैनी! बाईंच्या तोंडावर देवीचे वण व्हते. म्हून तर सायबांनी कदी फोटू काढू दिला न्हाई. आता मेल्यावर बी लाज वाटती व्हय त्येंना?"

इतके दिवस सरोजिनी स्वतःसाठी भीत होती. आता तिच्या अंगाचा तिळपापड झाला, तो इंदिरेसाठी.

आत पंत गळा काढून म्हणत होते, "या, आमच्या इंदिरेला नमस्कार करा."

सरोजिनी सरळ पुरुषांच्या बैठकीत गेली आणि तिने फोटो भिंतीवरून उतरवला.

"अगं, हे काय?" पंत म्हणाले.

"हा माझा आहे. मी अजून मेले नाही."

सरोजिनीने हार सोडवून रिकाम्या खिळ्याला अडकवला आणि फोटो पालथा करून काखेत घेतला. पाहुण्यांना जोडलेल्या हातांचं काय करावं ते कळेना.

धोंडाबाई तेवढी पुढे आली. "बाई," म्हणाली आणि त्या खिळ्याखाली तिने जमिनीला डोकं टेकवलं.